एका शब्दाने ओस पाडलेली बेटे

१/ हिंदी महासागरात, मालदीवच्या दक्षिणेस, साठेक लहान बेटांचा चागोस द्वीपसमूह आहे. तेथील लोकवस्तीचा इतिहास जेमतेम दोनशे वर्षांचा. पण एखादी वस्ती कागदावर कशी पुसली जाते, हे समजून घेण्यास तो पुरेसा आहे.

२/ अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत ही बेटे निर्मनुष्य होती. पुढे फ्रेंचांनी तेथे नारळाच्या बागा उभारल्या आणि राबण्यासाठी मादागास्कर व मोझांबिकमधील गुलाम आणले. १८१४ च्या पॅरिस तहानंतर ही बेटे ब्रिटिशांच्या ताब्यात गेली. गुलामगिरी संपल्यावर भारतातूनही मजूर आले.

३/ या सरमिसळीतून चार-पाच पिढ्यांत एक नवा समाज घडला. खोबरे काढणे आणि मासेमारी हा त्याचा उद्योग. बोली क्रिओल, स्वतःचीच. बेटावर चर्च होते, आणि आजे-पणजे विसावलेली दफनभूमीही.

४/ १९६५ मध्ये, मॉरिशस स्वतंत्र होण्यास तीन वर्षे उरली असता, ब्रिटनने चागोस त्यापासून तोडले. पुढच्याच वर्षी लष्करी उपयोगासाठी अमेरिकेशी करार झाला. अडचण एकच होती : तेथे कायमचे रहिवासी आहेत असे मान्य केले, तर संयुक्त राष्ट्रांपुढे त्यांच्याविषयी जाब द्यावा लागणार.

५/ त्यावरची तोड शब्दांत सापडली. पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्यांना ‘कंत्राटी कामगार’ ठरवण्यात आले. कंत्राट संपले की कामगार आपल्या गावी परततो. या माणसांना मात्र दुसरे गावच नव्हते.

६/ १९६८ पासून उपचारासाठी मॉरिशसला गेलेल्यांना परतीची वाट बंद झाली. बेटांवर येणारी रसद आटत गेली. १९७१ मध्ये दिएगो गार्सिया रिकामे करताना रहिवाशांची कुत्रीदेखील मारण्यात आली. १९७३ पर्यंत उरलेली बेटेही ओस पडली. दीड ते दोन हजार माणसे मॉरिशस व सेशेल्समध्ये विस्थापित झाली. अनेकांच्या वाट्याला पोर्ट लुईच्या झोपड्या आल्या.

७/ २००० मध्ये लंडनच्या उच्च न्यायालयाने ही हकालपट्टी बेकायदा ठरवली. २००४ मध्ये राजाज्ञेने परतीचे दार पुन्हा लावले गेले. चागोसचे विभाजन कायदेशीर नव्हते, असे मत २०१९ मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयाने दिले. तोवर बेटावर जन्मलेले कित्येक जण परक्या मातीत विसावले होते.

८/ जुन्या दप्तरात ‘कायमचे रहिवासी : नाहीत’ अशी नोंद आढळली, तर इतिहासाच्या अभ्यासकाने तेथेच थांबू नये. ती भूमी निर्मनुष्य होती, की निर्मनुष्य ठरवली गेली? उत्तर बहुधा दप्तरात नसते. ते दफनभूमीत असते.