मारिओची गर्दी

पणजीच्या कला अकादमीतलं नाट्यगृह तिकीटबारीवर कितीही थंड प्रतिसाद असला तरी रिकामं वाटत नाही. दोन्ही बाजूंच्या भिंतींवर जुन्या थिएटरात असत तसे सज्जे रंगवलेले आणि त्यांत गोव्याची माणसं दाटीवाटीनं बसलेली. वास्तू चार्ल्स कोरियांची, माणसं मारिओ मिरांडाची. एकदा तिसऱ्या घंटेची वाट बघत असताना शेजारच्या खुर्चीतले वयस्क गृहस्थ भिंतीकडे बोट करून मला म्हणाले, "पळयात, तो आमचो भाटकार!" त्यांच्या गावचा भाटकार, म्हणजे जमीनदार, मारिओनं कधी पाहिला असेल असं मला वाटत नाही, पण ओळख पटली होती खरी. बघायला गेलं तर नाट्यगृहाच्या भिंतीवर नाटकातले प्रसंग काढायचे, नटनट्या काढायच्या. दीनानाथ मंगेशकरांचं नाव असलेल्या वास्तूत तर संगीत नाटकातला एखादा प्रवेश सहज खपून गेला असता. मारिओनं काढले प्रेक्षक. जे नुसते बघायला आलेत, त्यांच्यातच त्याला खरं नाटक दिसत होतं.

चित्राखाली तो एवढंच लिहायचा, 'मारिओ'. म्हणून मीही एकेरीतच लिहितो. २ मे १९२६ रोजी दमणला त्याचा जन्म झाला. घर मात्र साष्टीतल्या लोटलीचं, पिढीजात, मोठ्या दालनांचं. मूल भिंती रंगवतंय असं बघून आईनं त्याला कोरी वही आणून दिली, आणि त्या वहीची पुढे रोजनिशी झाली. चित्रकलेचं रीतसर शिक्षण त्यानं घेतलं नाही. शाळेत पाद्रींची चित्रं काढली म्हणून बोलणी खाल्ली, एवढीच काय ती पहिली दाद.

त्या रोजनिश्या हे माझ्या मते त्याचं सगळ्यात मोठं काम. १९४९, १९५० आणि १९५१ या तीन सालांच्या वह्या पुढे पुस्तकरूपानं निघाल्या. पंचविशीच्या आसपासचा, नोकरीधंद्याचं काही धड न ठरलेला पोरगा रोज एक चित्र काढतो आणि खाली चार ओळी लिहितो. लग्नं, नाच, चर्चचे सण, मयतं, मित्रांबरोबरची उनाडकी. विशेष काही घडलं नाही तर विशेष काही न घडल्याचं चित्र. देश स्वतंत्र झाला होता, गोवा अजून पोर्तुगालच्या ताब्यात होता, मुक्तीला दहा-बारा वर्षं अवकाश होता. वहीत मात्र या उलथापालथीपेक्षा नाचाला कोण आलं होतं याला जास्त जागा आहे. मारिओनं मुंबईच्या सेंट झेवियर्समध्ये इतिहास घेऊन बी.ए. केलं होतं. परीक्षेत काय लिहिलं ते लिहिलं. या वह्यांमध्ये त्यानं जो इतिहास लिहिला तो दप्तरखान्यात सापडणारा नव्हे.

पुढचा प्रवास भराभर सांगता येतो. घरच्यांच्या आग्रहाखातर वास्तुशास्त्राच्या वर्गात नाव घातलं, तिथे मन रमलं नाही. जाहिरातींच्या स्टुडिओत चार वर्षं काढली. 'इलस्ट्रेटेड वीकली'त चित्रं छापून आली, मग 'करंट' साप्ताहिक, आणि एकदा नकार पचवून झाल्यावर 'टाइम्स ऑफ इंडिया'चा समूह. गुलबेंकियन प्रतिष्ठानच्या शिष्यवृत्तीवर वर्षभर पोर्तुगाल, तिथून इंग्लंडमध्ये पाचेक वर्षं. रोनल्ड सर्ल हा त्याचा आदर्श. त्या इंग्रज चित्रकाराची खरखरीत, काट्याकुट्यांची रेघ मारिओच्या हातात आली आणि गोव्याच्या उन्हात जराशी सैलावली. 'लिलिपुट', 'पंच'मध्ये चित्रं येत असताना विलायत सोडून तो मुंबईला परतला.

मुंबईत त्याच वृत्तपत्रसमूहात तेव्हा आर. के. लक्ष्मण होते. दोघांची तुलना करून डावं-उजवं ठरवण्यात अर्थ नाही, पण शेजारी ठेवून पाहण्यात आहे. लक्ष्मणांनी कोट्यवधी माणसांतून एक माणूस गाळून काढला, त्याला चौकड्यांचा कोट घातला आणि सगळ्यांच्या वतीनं उभं केलं. मारिओला असं कुणाच्या वतीनं कुणाला उभं करणं जमलं नसतं. त्याच्या चित्रात बसथांब्यावर वीस माणसं असतील तर वीस नाकं वेगळी. एक जण घड्याळ बघतोय, एकीची पिशवी फाटलीय, एकाला शेजारचीचं मोठं कौतुक, आणि रांगेत नंबर नसलेलं एक भटकं कुत्रं सगळ्यांच्या पायांत. गर्दी काढताना चित्रकार मागच्या ओळीत येईतो गोलगोल डोकी काढून मोकळा होतो. त्यात कामचुकारपणाही नसतो, तशी रीतच आहे. मारिओ मागच्या ओळीतही डोळे काढत बसे. छपराची कौलं, सज्ज्याच्या लोखंडी कठड्याची नक्षी, फरशीवरचा चौकटा, तारेवरचा कावळा, सगळं त्याच चिकाटीनं. काळी शाई, बारीक रेघेवर आडवी रेघ, आणि मध्ये नेमका सोडलेला पांढरा कागद. कुलाब्याच्या 'मोंडेगार'मध्ये जेवायला गेलेली माणसं समोरच्याशी बोलायचं सोडून त्याच्या चित्रांच्या भिंतीकडे बघत राहतात, ती यामुळेच.

सगळंच गोड होतं असं नाही. मिस फोन्सेका ही ऑफिसातली सेक्रेटरी आणि मिस निंबुपानी ही सिनेनटी घराघरांत पोचल्या, पण त्यांच्या अंगावर केलेले बरेचसे विनोद आज ओठांवर हसू आणत नाहीत; हसणारा कोण आणि जिच्यावर हसायचं ती कोण, हे फार उघडं दिसतं. बंडलदास हा मंत्री मात्र तसूभर जुना झालेला नाही. मारिओला राजकारणाची फारशी ओढ नव्हती, म्हणूनच असेल, त्यानं एका मंत्र्यावर नेम धरण्याऐवजी जातच काढून ठेवली.

तो जर्मनीला गेला, अमेरिकेला गेला, तिकडेही हेच करत राहिला. जर्मनीतल्या हिवाळ्याचं तर अख्खं पुस्तक झालं. परक्या शहरात पाहुण्याचं लक्ष मनोऱ्याकडे जातं. याचं मनोऱ्याखालच्या बाकावर. शेवटी लोटलीच्या घरी परतला. त्याच घरात श्याम बेनेगलांनी १९८५चा 'त्रिकाल' चित्रित केला होता. ११ डिसेंबर २०११ला तो तिथेच गेला. पद्मश्री आणि पद्मभूषण आधी मिळाले होते, पद्मविभूषण गेल्यावर.

आता गोव्यात त्याची चित्रं कपांवर, फरशांवर, झोळ्यांवर मिळतात आणि ती विकत घेताना लोक 'जुना गोवा' म्हणून हळहळतात. हळहळायला हरकत नाही, पण मारिओनं जुना गोवा कधी काढलाच नाही. त्यानं त्या-त्या दिवशीचा गोवा काढला. जुना तो आपल्या हातात येईपर्यंत झाला. त्याची आठवण ठेवायची तर कौलं आणि कठडे गिरवून भागणार नाही. आज मांडवीकाठी कॅसिनोच्या बोटीसाठी लागलेली रांग आहे, भाड्याच्या स्कूटरवर नकाशा उलटा धरलेलं जोडपं आहे, परराज्यातून आलेला गवंडी आहे, आणि या सगळ्यांना नावं ठेवत बाल्कनीत बसलेले आपण आहोत. ही गर्दी आपल्याला आवडत नाही. मारिओलाही ती आवडलीच असती असं नाही, पण कुणालाही न वगळता त्यानं ती काढली असती, आणि बाल्कनीतल्या आपल्यालाही सोडलं नसतं.