सोळा वर्षं मेन्टेनन्स

वुल्व्हरिनचे ते पंजे आधी त्याच्या हातमोज्यांत होते, हे तुम्हाला माहीत होतं का? मला नव्हतं. म्हणजे ज्याने त्याला पहिल्यांदा लिहिलं, त्या लेन वीनच्या डोक्यात तरी तसंच होतं. मोजे काढून ठेवले की गडी रिकाम्या हाताचा. मग १९७६ साली एक्स-मेनच्या ९८व्या अंकात हा पठ्ठ्या कैदेत असतो, हातात मोजे नसतात आणि तरीही खटकन पंजे बाहेर येतात. सोबतचे लोकसुद्धा चाट पडतात, कारण त्यांनाही आपल्यासारखंच वाटत होतं!

एवढासा बदल. पण हत्यार वापरणारा माणूस त्या एका पानावर स्वतःच हत्यार झाला. आणि मग प्रश्न आला, की हे त्याच्या शरीरात घातलं कोणी? या एका प्रश्नावर पुढची कित्येक वर्षं गोष्टी निघाल्या, सिनेमे निघाले.

त्या अंकाच्या लेखकाचं नाव ख्रिस क्लेअरमाँट. हे नाव मला तीन-चार वर्षांपूर्वीपर्यंत ऐकूनही माहीत नव्हतं. एक्स-मेन म्हटलं की ह्यू जॅकमन, फार तर स्टॅन ली. मग पुण्यात जुन्या पुस्तकांच्या एका दुकानात काळ्यापांढऱ्या छपाईतला एक जाडजूड संग्रह हाती लागला आणि त्यानंतरचे बरेचसे शनिवार-रविवार या माणसाने खाल्ले.

क्लेअरमाँटने एक्स-मेन निर्माण केले नाहीत. ते केले स्टॅन ली आणि जॅक कर्बी यांनी, १९६३ मध्ये. पण मासिक काही फारसं चाललं नाही. १९७० मध्ये नव्या गोष्टी बंद झाल्या आणि पुढची चार-पाच वर्षं जुनेच अंक पुन्हा छापत राहिले. आपल्या भाषेत सांगायचं तर सपोर्ट संपलेला प्रॉडक्ट, फक्त सर्व्हर कोणी बंद केला नाही म्हणून चालू. १९७५ मध्ये लेन वीन आणि चित्रकार डेव्ह कॉक्रम यांनी एका जाड विशेषांकात नवी टीम आणली: केनियातली स्टॉर्म, सायबेरियातला कोलॉसस, जर्मन नाइटक्रॉलर, आणि हल्कच्या मासिकात आधी येऊन गेलेला वुल्व्हरिन. वीनला दुसरी कामं होती, त्यामुळे त्याने ते लगेच क्लेअरमाँटकडे सोपवलं. तेव्हा हा चोवीस वर्षांचा. लंडनमध्ये जन्म, लहानपणीच अमेरिकेत आलेला, कॉलेजात असताना मार्व्हलमध्ये पडेल ते काम करणारा. मासिक दोन महिन्यांतून एकदा निघणारं, कोणाचं फारसं लक्ष नसलेलं. फ्रेशरला मेन्टेनन्सचं काम टेकवतात ना, तस्सं.

आणि मग मधले एखाददुसरे अंक सोडले तर हा माणूस १९९१ पर्यंत तिथेच बसला. सोळा वर्षं!

या सोळा वर्षांत त्याने काय केलं असेल तर फक्त मारामाऱ्या लिहिल्या नाहीत. स्टॉर्म वादळं हलवते, लोक तिला देवी मानतात, आणि तीच बंद खोलीत गुदमरते. कारण लहानपणी कैरोत घर कोसळलं, आईवडील गेले आणि ती ढिगाऱ्याखाली अडकली होती. नाइटक्रॉलर दिसायला निळा सैतान, पण टीममधला सगळ्यात आनंदी आणि सगळ्यात भाविक माणूस तोच. मॅग्नेटो १९६३ पासून होता, पण जग जिंकायला निघालेला नेहमीचा खलनायक. १९८१ मध्ये १५०व्या अंकात त्याच्या हातून किटी प्राइड नावाची लहान मुलगी मेली असं त्याला वाटतं आणि तो हबकतो. ऑशविट्झमधून वाचलेला माणूस आपण काय करून बसलो याकडे बघत उभा राहतो. अठरा वर्षं जुन्या कोडला हात लावायचा, मूळचं काही पुसायचं नाही, आणि तरी त्याचा अर्थ पूर्ण बदलायचा. हे मला जाम कठीण वाटतं. मी प्रयत्न केलाय. बहुतेक वेळा बिल्ड तुटतो.

दोषही आहेत. माणूस भयंकर बोलतो. चित्रात दिसतंय की स्टॉर्म उडते आहे, तरी वर चौकटीत चार ओळी की ती उडते आहे आणि वारा तिचं ऐकतो आहे. प्रत्येक अंक कोणाचा तरी पहिला असू शकतो म्हणून दर वेळी प्रत्येकाच्या शक्तीची उजळणी. सलग वाचताना डोकं फिरतं. आमच्याकडे एक सीनियर होता, प्रत्येक ओळीवर कॉमेंट लिहायचा. त्याची आठवण येते.

पण १९८० चा डार्क फीनिक्स वाचाल तेव्हा हे सगळं माफ कराल. जीन ग्रे ही टीममधली साधी मुलगी अफाट शक्ती मिळून हळूहळू बिघडत जाते आणि भुकेच्या भरात एक तारा गिळून टाकते. त्या ताऱ्याभोवती वस्ती असलेला ग्रह होता. पाच अब्ज जीव गेले. क्लेअरमाँट आणि चित्रकार जॉन बर्न यांनी शेवट असा ठरवला होता, की जीनची शक्ती काढून घेतली जाते आणि ती जगते. पानं काढूनसुद्धा झाली होती. मुख्य संपादक जिम शूटर म्हणाला, चालणार नाही. एवढा संहार करून ही बाई घरी जाणार? मग शेवटची पानं पुन्हा लिहिली, पुन्हा काढली. १३७व्या अंकात जीन चंद्रावर, ज्याच्यावर प्रेम आहे त्याच्यासमोर, स्वतःला संपवते.

मूळ शेवट १९८४ मध्ये वेगळा छापला गेला. मी दोन्ही वाचलेत. आणि प्रामाणिकपणे सांगायचं तर शूटरचं बरोबर होतं! मूळ शेवट पचपचीत आहे. रिलीजच्या आदल्या दिवशी रिक्वायरमेंट बदलणाऱ्या माणसाबद्दल असं लिहिताना माझा हात थरथरतोय, पण इलाज नाही.

बर्न आणि क्लेअरमाँट यांची जोडी मात्र पुढे टिकली नाही. मार्व्हलची पद्धत अशी, की लेखक कथानक सांगणार, चित्रकार पानं काढणार, आणि त्यानंतर लेखक त्यावर संवाद लिहिणार. म्हणजे शेवटचा शब्द लेखकाचा. बर्न सांगतो की ठिणगी पडली ती एका झाडाच्या बुंध्यावरून. त्याने चित्रात कोलॉसस बुंधा सहज उपटताना दाखवला होता. छापून आलं तेव्हा त्याच चित्रात कोलॉसस भरपूर जोर लावतोय असे शब्द होते. बस. १४३व्या अंकानंतर बर्न बाहेर. हसू येतं, पण आमच्याकडे एका व्हेरिएबलच्या नावावरून दोन जण सहा महिने एकमेकांशी बोलत नव्हते, तेव्हा मी कोण हसणार!

जाण्याआधी दोघांनी ‘डेज ऑफ फ्यूचर पास्ट’ लिहून ठेवली. १९८१ मधले फक्त दोन अंक. त्यावर २०१४ मध्ये सिनेमा आला आणि त्याने जवळपास ७५ कोटी डॉलर कमावले. मूळ गोष्टीत भविष्यातून परत पाठवलं जातं ते किटीला, तिच्या तेरा वर्षांच्या शरीरात. सिनेमात वुल्व्हरिन जातो. का, ते तुम्हीच समजा.

मग १९८६ उजाडलं. मधल्या काळात क्लेअरमाँटने जीनच्या प्रियकराचं, स्कॉटचं, लग्न लावून दिलं होतं, त्याला मूलही झालं होतं. दुःखातून बाहेर पडून रिटायर होणारा सुपरहिरो, हे किती दुर्मीळ! पण कंपनीला जुन्या टीमचं नवं मासिक हवं होतं. ठरलं, की जीन मेलीच नव्हती. स्कॉट बायको आणि तान्हं मूल टाकून तिच्याकडे निघाला. पाच वर्षांमागचा तो मृत्यू दुसऱ्या कोणीतरी दुसऱ्या ब्रँचवर रिव्हर्ट केला, आणि क्लेअरमाँटला ते रुचलं नाही तरी निस्तरावं लागलं त्यालाच. त्या सोडून दिलेल्या बायकोचं पुढे जे झालं (ती जीनची क्लोन निघाली, खलनायिका झाली आणि मेली) ते मला आजही वाचवत नाही.

शेवट १९९१ चा. आता वाचक चित्रकारांच्या मागे होते. जिम ली हा तेव्हाचा सर्वांत लाडका. कथेची सूत्रं त्याच्याकडे आणि संपादकाकडे सरकत गेली. एक्स-मेन नावाचं आणखी एक मासिक नव्याने सुरू झालं. पहिला अंक पाच वेगवेगळ्या मुखपृष्ठांसह, ८० लाखांहून जास्त प्रती. गिनीजमध्ये नोंद झाली. (पुढे भाव चढेल म्हणून एकेकाने पाच-पाच घेतल्या होत्या, ती गोष्ट वेगळी.) त्या अंकावर लेखक म्हणून क्लेअरमाँटचं नाव आहे. तिसऱ्या अंकानंतर तो नोकरी सोडून गेला. आणि गंमत म्हणजे पुढच्याच वर्षी जिम ली आणि काही चित्रकारांनीही मार्व्हल सोडलं आणि स्वतःची इमेज कॉमिक्स काढली, आपल्या पात्रांचे हक्क आपल्याकडे राहावेत म्हणून.

क्लेअरमाँटनेही ते करून पाहिलं. १९९५ मध्ये ‘सॉव्हरिन सेव्हन’ नावाची मालिका डीसीने छापली, पण मालकी त्याची. ३६ अंकांत ती संपली. तुम्ही नाव ऐकलंय? मीही नव्हतं. २००० मध्ये तो एक्स-मेनवर परत आला, नंतरही येत-जात राहिला. ते अंक वाचून मला जरा वाईटच वाटलं. लकबी त्याच, पण घर आता दुसऱ्यांनी लावलेलं.

हे सगळं आत्ता का आठवतंय, तर साडेचार वर्षं सांभाळलेलं माझं मॉड्यूल सध्या मी एका नव्या मुलाला समजावून देतोय. मी ते लिहायला सुरुवात केली नव्हती. मी आलो तेव्हाच ते जुनं होतं. परवा त्याने एक फंक्शन दाखवून विचारलं, “हे कोणी लिहिलंय? मस्त आहे.” मी इतिहास उघडला. पहिलं नाव आमच्याकडून कधीच गेलेल्या कोणाचं तरी, आणि त्याखाली माझं. चाळीस-एक वेळा. काय सांगावं ते कळेना, म्हणून म्हटलं, “जुनंच आहे.”

रात्री घरी येऊन २००६ चा ‘द लास्ट स्टँड’ लावला. डार्क फीनिक्सवरचा पहिला सिनेमा, फारसा चांगला नाही. त्यात सुरुवातीला लहानगी जीन खिडकीतून बघत अख्ख्या गल्लीतल्या वस्तू हवेत उचलते. पाइपने बागेला पाणी घालणारा म्हातारा स्टॅन ली, तो लगेच ओळखू येतो. आणि शेजारी एक माणूस गवत कापत असतो, त्याचं यंत्र जमिनीवरून वर उचललं जातं आणि तो त्याच्याकडे बघत राहतो. तो क्लेअरमाँट. जेमतेम दोन-चार सेकंद. मी तीनदा मागे नेऊन बघितलं.