अम्मीची खोली आणि ४२ चा आकडा

कराडजवळच्या गावी आमचं वडिलोपार्जित घर आहे. घरामागच्या उसावरून उच्चदाबाच्या तारा जातात. पावसाळ्यात त्या चरचरतात. अम्मीने मागच्या खोलीत झोपणं सोडलं आणि भाईजान मिळेल त्या भावात घर विकायचं म्हणू लागले. कारण पुतण्याने मोबाईलवर चुंबकीय क्षेत्र मोजलं होतं: ४२ मायक्रोटेस्ला!

मी सांगलीत उर्दू-मराठी शिकवतो. विज्ञानाशी माझा संबंध कधीच सुटलेला. पण सांगलीला परतल्यावर घरी मोबाईल धरून पाहिला, तर तिथेही ४२ च्या आसपास! जवळपास एकही टॉवर नाही.

शाळेतल्या विज्ञानाच्या सरांना विचारलं. ते हसले. म्हणाले, "ही तर पृथ्वी आहे. किब्ला दाखवणाऱ्या होकायंत्राची सुई जिच्यामुळे फिरते, तीच." पृथ्वीचं क्षेत्र जवळपास स्थिर असतं, तारांचं सेकंदाला ५० आवर्तनं करतं. ते मोजायला वेगळा मीटर लागतो.

उर्दूत क्षेत्राला 'मैदान' म्हणतात. बर्की मैदान वेगळं, मकनातीसी मैदान वेगळं. तारेत दाब असला की विद्युत क्षेत्र असतं, प्रवाह वाहो न वाहो. ते व्होल्ट प्रति मीटरमध्ये मोजतात आणि भिंती ते बरंच अडवतात. चुंबकीय क्षेत्र प्रवाह वाहतो तेव्हाच तयार होतं. ते टेस्लामध्ये मोजतात. भिंत ते अडवत नाही, पण तारांपासून लांब गेलं की ते झपाट्याने कमी होतं.

रविवारी सर मीटर घेऊन गावी आले. तारांखाली ४ मायक्रोटेस्ला, अम्मीच्या खोलीत अर्धा. आंतरराष्ट्रीय समितीने २०१० मध्ये सामान्य लोकांसाठी सुचवलेली मर्यादा २०० आहे.

"म्हणजे धोका नाहीच ना, सर?" भाईजानने विचारलं.

सरांनी लपवलं नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने २००२ मध्ये अशा चुंबकीय क्षेत्रांना 'कदाचित कर्करोगकारक' गटात ठेवलंय, मात्र पुरावा मर्यादित आहे. "पण तारांखाली पाण्याचा लांब लोखंडी पाइप उभा करू नका. तिथे जीव जातो," ते म्हणाले.

अम्मी अजून पुढच्याच खोलीत झोपते. मीही आग्रह केला नाही. घर मात्र विकलं नाही. ज्या ४२ ला घाबरून आम्ही निघणार होतो, तो नव्या घरीही आमच्या आधीच पोहोचलेला असता.