लायब्ररी, पण पुस्तकांची नव्हे

लायब्ररी म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर उभी राहतात ती लाकडी कपाटे, पिवळी पडलेली कार्डे आणि 'शांतता राखा' अशी पाटी. परतवाड्याला कॉलेजात येईपर्यंत मी एवढीच लायब्ररी जाणत होतो आणि तीही ऐकून. सेमाडोहच्या आमच्या घरात छापील कागद म्हणजे रेशनकार्ड आणि माझी क्रमिक पुस्तके. पण गेल्या दोन लग्नसराईंत मला एका निराळ्याच लायब्ररीची ओळख झाली. ती डोळ्यांना दिसत नाही, तिला कपाट नाही, आणि तिच्यातले एक पान हरवले तर भरल्या मांडवात काळा पडदा उभा राहतो!

मी सुट्यांत एका व्हिडिओ शूटिंगवाल्या भाऊंकडे कामाला जातो. केबल गुंडाळणे, स्टँड रोवणे येथून सुरुवात झाली. आता मिक्सिंगच्या लॅपटॉपसमोर बसतो. तीन कॅमेऱ्यांची चित्रे आत येतात आणि बाहेर एकच जाते. नवरदेवाच्या चेहऱ्यात नवरीचा चेहरा हळूहळू विरघळत येतो, तेव्हा पाहणाऱ्यांना ती जादू वाटते. जादू कसली, तो निव्वळ हिशेब आहे. एका चित्रात १९२० गुणिले १०८०, म्हणजे २० लाख ७३ हजार ६०० ठिपके. सेकंदाला अशी २५ चित्रे. प्रत्येक ठिपक्याचा रंग पहिल्या चित्रातून थोडा कमी घ्यायचा, दुसऱ्यातून तितकाच जास्त. सेकंदाला पाच कोटींहून अधिक ठिपक्यांचे हे मापात कालवणे चालते, आणि मांडवात कोणाला त्याचा पत्ताही नसतो.

आम्ही वापरतो तो प्रोग्रॅम ओबीएस स्टुडिओ. जिम बेली नावाच्या माणसाने तो २०१२ मध्ये सुरू केला. तो फुकट आहे आणि त्याची आतली मांडणी कोणालाही उघडून पाहता येते. पण हा प्रोग्रॅम सारे काही स्वतः करीत नाही. गावात मोठे जाते एकाच घरी असावे आणि साऱ्यांनी आपापले दळण तेथे न्यावे, तसे संगणकात चालते. नेहमी लागणारी कामे लिहून ठेवलेल्या तयार फायली असतात. विंडोजमध्ये त्यांना 'डीएलएल' म्हणतात. त्यातला शेवटचा 'एल' म्हणजे लायब्ररी. कॅमेऱ्याकडून चित्र मागून घेणारी फाइल वेगळी, कॅमेऱ्याला झूम-फोकसचे हुकूम पोचवणारी वेगळी. चित्र आवळून नेटवरून धाडण्याजोगे करण्याचे काम एफएफएमपेग या लायब्ररीचे. तिची सुरुवात फाब्रिस बेलार या फ्रेंच माणसाने २००० साली केली. या फायलींच्या नावांत आवृत्तीचे आकडे असतात आणि आकडा चुकला तर प्रोग्रॅम तिला ओळखही देत नाही. सोयरीक जुळवणाऱ्यांपेक्षाही हे लोक कडक!

गेल्या उन्हाळ्यातली गोष्ट. मुलीची आजी आजारी, दूरगावी अंथरुणावर. तिच्यासाठी लग्न नेटवर दाखवायचे ठरले होते. भाऊंनी लॅपटॉप कोरा करून घेतला होता आणि प्रोग्रॅम पेनड्राइव्हवरून नुसता उचलून आणला होता. उघडायला गेलो तर इंग्रजीत एकच ओळ: 'व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल' सापडत नाही.

भाऊ म्हणाले, "अबे, एकच तं फाइल पाह्यजे! टाक ना नेटवरून."

नेटवर अशा सुट्या फायली वाटणारे पुष्कळ आहेत. पण त्या फायलीत काय दडवले आहे हे कोण सांगणार? शिवाय ६४ बिटांच्या प्रोग्रॅमला ३२ बिटांची फाइल दिली, तर ती असून नसून सारखी. ही फाइल मायक्रोसॉफ्टच्या एका गठ्ठ्यातून येते; तो गठ्ठा त्यांच्याकडूनच फुकट मिळतो आणि पुरताच बसवावा लागतो. मी म्हणालो, "भाऊ, जरा दम धरा." मोबाइलच्या नेटवर गठ्ठा उतरवला, बसवला, लॅपटॉप बंद करून पुन्हा सुरू केला. वीस मिनिटे गेली. मंगलाष्टके सुरू व्हायच्या आत चित्र पोचले. हळद लावलेले हात मात्र आजीला दिसले नाहीत.

संध्याकाळी सहाशेऐवजी तीनशे रुपये हातावर आले. "बीएवाल्याले कॉम्प्युटरमधलं काय समजते!" एवढे वर ऐकवलेही. परीक्षेचा फॉर्म भरायचा होता आणि सीझन अजून उरला होता, म्हणून मी गप्प बसलो. राग मात्र आला, आणि तो तीनशे रुपयांपेक्षा त्या वाक्याचा अधिक आला. आमच्या घरात बोली कोरकू. शाळेने मराठी शिकवली आणि पडद्यावरची इंग्रजी मी शब्दकोश घेऊन एकेक ओळ वाचत गेलो. बीएला इतिहास घेतलेल्याने ती ओळ वाचू नये असा काही नियम आहे काय?

असो. घरी हे सांगितले तेव्हा आबांना नवल वाटले नाही. ते वनखात्याच्या माणसांबरोबर रोजीने जंगलात जातात. झाडाला गुडघाभर उंचीवर कॅमेरे बांधायचे, एका वाटेवर दोन, समोरासमोर. कारण वाघाच्या डाव्या कुशीचे पट्टे उजव्या कुशीला नसतात. १९७३ मध्ये व्याघ्रप्रकल्प सुरू झाला तेव्हाच्या पहिल्या नऊ क्षेत्रांत आमचे मेळघाट होते, पण तेव्हा पायाच्या ठशांवरून मोजणी होई. २०१८ च्या देशव्यापी मोजणीत २६,८३८ ठिकाणी कॅमेरे लागले. फोटो आले ३ कोटी ४८ लाखांवर आणि त्यांत वाघांचे ७६,६५१. एवढ्या फोटोंतून प्राणी वेगळे करायला 'कॅटरॅट' नावाचा प्रोग्रॅम वापरला गेला.

आबांनी कोरकूत विचारले, "त्या प्रोग्रॅमला वाघ कोणी दाखवला?"

मी म्हणालो, "आधी माणसांनी फोटो निवडून नावे लावली. त्यावरून तो शिकला."

"आणि फोटो कोणी काढले?"

"कॅमेऱ्यांनी."

"कॅमेरे कोणी बांधले?" असे म्हणून ते इतके हसले की माय चुलीपुढून उठून पाहायला आली. मग त्यांनी खिशातून दोनशे रुपये काढले आणि फॉर्मची शेवटची तारीख विचारली.