लाईट न लागणारी विहीर

सकाळची घाई, आणि नेमकी लाईट जाते. मिक्सरचं एक वेळ चालतं, खलबत्ता असतोच. पण मोटार बंद पडून गच्चीवरची टाकी रिकामी झाली, की सगळं घर अडतं. हौद काठोकाठ भरलेला, आणि स्वयंपाकघरातला नळ कोरडा! तुमच्याकडेही असं होतं ना, मैत्रिणींनो?

बीडला नणंदेकडे गेले होते, तेव्हा हेच झालं. ती हसून म्हणाली, "वहिनी, चला, तुम्हाला लाईट न लागणारी विहीर दाखवते."

गावाच्या दक्षिणेला साधारण सहा किलोमीटरवर ही खजाना विहीर आहे. गोल, दगडी, आत उतरायला पायऱ्या. बाहेर रणरणतं ऊन, पण खाली गेलं की गारवा. निजामशाहीत, १५८२च्या सुमारास, बीडचा जहागीरदार सलाबतखान याने ती बांधवली. बांधणारा कारागीर राजा भास्कर. विहिरीला जमिनीखालून दगडी बोगदे जोडलेले आहेत. उतार असा साधला आहे, की पाणी आपल्या आपण खालच्या शेतांकडे वाहतं. मोट नाही, मोटार नाही. दुष्काळातही ही विहीर आटत नाही, असं इथले लोक अभिमानाने सांगतात.

आणि याच जिल्ह्यात परळीचं वीजकेंद्र आहे. २०१३ साली आणि पुन्हा २०१५ साली पाण्यावाचून ते बंद ठेवावं लागलं होतं. कोळशावर वीज करायची, तरी वाफेला आणि यंत्रं थंड ठेवायला पाणी लागतंच. म्हणजे बघा, आपल्याला पाण्यासाठी वीज हवी, आणि विजेला पाणी हवं! एक अडलं की दुसरंही अडतं.

मोटार नकोच, असं मी म्हणणार नाही. कमरेवर हंडे वाहिलेल्या आयाबायांना विचारा तिचं मोल! पण तिच्यावाचून हातच बांधले जावेत, हे काही बरं नव्हे.

परतताना नणंदेने बाजारातून दोर आणि बादली घेतली. हौदाचं जड झाकण तिला एकटीला उचलेना, म्हणून त्याला हलकं, कुलपाचं झाकण करायला टाकलं. कुलूप मात्र हवंच, घरात लहान मुलं असतात.

तुमच्या हौदाचं झाकण तुम्हाला एकटीला उघडतं का? आजच बघा.