शिरोळची गांवें व त्यांचें पाणी

कोल्हापुराहून आगगाडीनें नृसिंहवाडीस जाणारी मंडळी जयसिंगपूर स्टेशनावर उतरतात आणि त्या गांवाकडे दृष्टिही न टाकतां वाडीची वाट धरतात. आजवर आम्हीही तसेंच करीत आलों. या खेपेस मात्र दत्तजयंतीची गर्दी ओसरल्यावर शिरोळ तालुका सावकाश पाहावा, येथील गांवें कोणीं व कां वसविलीं हें समजून घ्यावें, असें ठरवून निघालों. '२०१९ सारखा पूर येतो, तरी हे लोक उठून वर कां जात नाहींत?' असा प्रश्न आमच्या घरांत निघाला होता, आणि त्यास कोणासच नीटसें उत्तर देतां आलें नव्हतें.

कृष्णा, पंचगंगा, वारणा व दूधगंगा अशा चार नद्या या लहानशा तालुक्याच्या वांट्यास आल्या आहेत. त्यांचे काठ फार पूर्वींपासून नांदते. खिद्रापूरच्या कोपेश्वर मंदिरांत देवगिरीच्या सिंघण यादवाचा शके ११३६ चा संस्कृत शिलालेख आहे, आणि त्याच्याही आधीं शिलाहारांच्या काळीं तें काम चाललें होतें. माथ्यावर आकाशाकडे उघडा असलेला तो स्वर्गमंडप पाहिल्यावर, हें वैभव निव्वळ आडरानांत उभें राहिलें असेल असें म्हणवत नाहीं. भोंवतीं भरलेलीं शेतें व खळीं असलींच पाहिजेत.

नृसिंहवाडीची गोष्ट निराळी. श्रीनृसिंहसरस्वती येथील औदुंबराखालीं बारा वर्षें राहिले, तेव्हां येथें रानच होतें. जातांना त्यांनीं पादुकांची पूजा जवळच्या आलास गांवच्या भैरंभट जेरे यांजकडे सोंपविली, आणि त्यांच्या वंशजांच्या घरांनीं ही वाडी वाढत गेली, अशी तेथील परंपरा आहे. म्हणजे पाटील, बलुतेदार, शेतकरी असा नेहमींचा क्रम येथें उलटला. आधीं पूजा आली, मग गांव. मंदिरास शिखर नाहीं, याचें कारण तें विजापूरच्या आदिलशहानें बांधविलें, असें सांगतात. पुरासहि या गांवानें आपल्या नित्यक्रमांत घेतलें आहे. पाणी उत्तरेकडून शिरून पादुकांवरून दक्षिणेच्या दारानें बाहेर पडूं लागलें, कीं त्या धारेंत स्नान करण्यास माणसांची रीघ लागते. त्यास दक्षिणद्वार म्हणतात. पाणी आणखी चढलें तर उत्सवमूर्ति वर नारायणस्वामींच्या मंदिरांत नेतात. संकटाचा असा सोहळा करणारें दुसरें गांव आम्हीं तरी पाहिलेलें नाहीं.

पलीकडील कुरुंदवाड पटवर्धनांचें. १८५४ त त्या संस्थानाच्या थोरली व धाकटी अशा दोन पात्या झाल्या, आणि १९४८ त तीं दोन्ही मुंबई प्रांतांत विलीन झालीं. घाट मात्र अजून भरभक्कम आहे.

जयसिंगपूर या सर्वांहून धाकटें, आणि नदीपासून अंतर राखून बसलेलें. मिरज-कोल्हापूर लोहमार्ग १८९१ त सुरू झाला. १९१७ त शाहू महाराजांनीं त्याच्या कडेस ही बाजारपेठ वसवून आपले जनक पिते, कागलचे जयसिंगराव घाटगे, यांचें नांव तीस दिलें. सरळ रुंद रस्ते, काटकोनांत छेदणाऱ्या गल्ल्या, आणि गल्ल्यांस नांवांऐवजीं आंकडे! अमेरिकेंत १७८५ च्या कायद्यानें सहा सहा मैलांचे चौकोन आंखून जमिनी वांटल्या, व पुढें तेथील मधल्या प्रांतांत आगगाडीच्या कडेनें अशींच आंखीव गांवें उठलीं. देवळाऐवजीं स्टेशन हा जयसिंगपूरचा गाभारा. प्रथम आम्हांस तें रुक्ष वाटलें. पण ऑगस्ट २०१९ मध्यें वाडी-कुरुंदवाडकडील माणसें आसऱ्यास वर आलीं, तीं अशाच उंचावरच्या वस्त्यांत.

मग वर कां जात नाहींत? वाडीसमोरच्या औरवाडांत एका घराच्या भिंतीवर पाण्याच्या दोन खुणा दिसल्या. खालची २००५ ची, वरची २०१९ ची. अंगणांत एक म्हातारी शेंगा निवडीत बसली होती. आम्हीं भीतभीतच विचारलें, "आजी, एवढें सोसून इथंच राहायचं?"

ती म्हणाली, "पाणी येतंय तसं जातंय, बाबा. जाताना मळी ठेवून जातंय. वर माळाला आमच्यासाठनं काय ठेवलंय?"

तिचें म्हणणें निव्वळ हट्टाचें नव्हे. या तालुक्यांत नदीचें पाणी उपसून दूरवर नेलें, उसास वारेमाप पाजलें, आणि पुष्कळ जमिनीवर मीठ फुटलें. आतां भुईखालीं सच्छिद्र नळ पुरून तें पाणी काढावें लागतें. काठच्या मळीस दर पावसाळ्यांत नवा गाळ मिळतो. घर वर व शेत खालीं असें करतां येईल, असें आम्हीं सुचविलें. तेव्हां तिनें गोठ्याकडे बोट दाखविलें. दोन म्हशी होत्या. त्यांची धार पहांटे कोण काढणार, हें आमच्या सूचनेंत नव्हतें.

निघतांना तिनें मळींतलीं चार वांगीं आमच्या पिशवींत घातलीं. पैसे घेण्याचें तिनें साफ नाकारलें.