मालिकेला तिचं स्वतःचं दालन हवं

मालिकांना राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत जागा मिळाली पाहिजे, असं मी बरीच वर्षं हिरिरीने मांडत आले. नाशिकच्या आमच्या फिल्म सोसायटीत मांडलं, मुलांना सिनेमा शिकवताना मांडलं, घरच्या बैठकीतही मांडलं. आज मी तसं म्हणत नाही. माझं जुनं मत ऐकून ज्यांनी ते उचलून धरलं त्यांच्यासाठी तरी, मधल्या काळात माझ्या विचारात काय काय घडलं ते सांगायला हवं.

नाशकात राहणाऱ्या माणसाला तसं वाटणं साहजिक होतं. धुंडिराज गोविंद फाळके ३० एप्रिल १८७० रोजी इथून जवळच त्र्यंबकेश्वरला जन्मले. ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये लागला आणि त्यानंतर बिऱ्हाड, यंत्रं, माणसं घेऊन ते नाशकात आले. ‘मोहिनी भस्मासुर’ आणि ‘सत्यवान सावित्री’ इथे झाले. हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी १९१८ साली इथेच उभी राहिली आणि १६ फेब्रुवारी १९४४ रोजी त्यांनी देह ठेवला तोही इथेच. मी मुलांना नेहमी सांगायची, की फाळक्यांचा पहिला चित्रपट होता अवघा ३,७०० फुटांचा, चार रिळांचा, म्हणजे पाऊण तासाच्या आसपासचा. त्याच्या जोडीला नाच, विनोदी प्रवेश आणि पायांवर वस्तू झेलणाऱ्या कसरतपटूचा खेळ असा सगळा कार्यक्रम होता. अडीच-तीन तासांची एकसंध गोष्ट म्हणजे सिनेमा, हे माप नंतर आलं. अमेरिकेत तर १९१४ साली ‘पेरिल्स ऑफ पॉलिन’ थिएटरातच भागाभागांनी दाखवली जात होती. मालिका थिएटरात जन्मली, टीव्हीकडे ती नंतर गेली. मग ज्या माणसाच्या नावाने या देशातला चित्रपटाचा सर्वोच्च सन्मान दिला जातो, त्याच्या गावातून आपण मालिकांना दार बंद करा असं कसं म्हणणार? असा माझा सवाल असे आणि त्याला उत्तर देणं समोरच्याला अवघड जाई.

त्यातूनही कोणी हटला नाही, तर मी ‘तमस’ काढायची.

भीष्म साहनींच्या कादंबरीवर गोविंद निहलानींनी केलेली ‘तमस’ जानेवारी १९८८ मध्ये दूरदर्शनवर भागाभागांनी दाखवली गेली. फाळणीच्या तोंडावरचा पंजाब, मशिदीच्या पायरीवर टाकलेलं मेलेलं डुक्कर, आणि आपल्याला कशासाठी वापरलं गेलं हे कळल्यावर आतून जळत जाणारा ओम पुरीचा नथू. रस्त्यावर माणसं दिसेनाशी व्हावीत अशी त्या रात्रींची आठवण माझ्या पिढीतल्या पुष्कळांना आहे. आणि हीच ‘तमस’ पस्तिसाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत जिंकली. राष्ट्रीय एकात्मतेवरचा सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून नर्गिस दत्त पुरस्कार तिला मिळाला, सहायक अभिनेत्रीचा सुरेखा सिक्रींना आणि संगीताचा वनराज भाटियांना. छायालेखनात निहलानींच्या जोडीला व्ही. के. मूर्ती होते, ज्यांना पुढे फाळके पुरस्कार मिळाला. सरकारनेच एकदा मालिकेला चित्रपटाचा पुरस्कार दिला होता, मग आता नियम कशाचे सांगता? माझ्या मते वाद इथेच संपत असे.

मत बदलायला सुरुवात झाली ती याच ‘तमस’पासून. तरुण मंडळींना ती दाखवायची ठरली, म्हणून तिच्यावरच्या खटल्याचे निकाल नीट वाचायला घेतले. मालिका चालू असतानाच ती थांबवावी म्हणून काही लोक कोर्टात गेले होते. मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती लेंटिन आणि न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी काय केलं, तर ती सबंध पाहिली. सगळे भाग, सुरुवातीपासून शेवटापर्यंत. मग प्रक्षेपणाला परवानगी दिली. सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी १९८८ मध्ये तेच कायम केलं, आणि निकालात एक गोष्ट नोंदली आहे: या चित्रपटाला सेन्सॉर बोर्डाने ‘यू’ प्रमाणपत्र दिलेलं होतं.

त्या नोंदीवर मी बराच वेळ थांबले. ‘तमस’ने भिंत फोडली असं मी सांगत आले होते. ती तर सरळ दारातून आत आली होती. जवळजवळ पाच तासांचं पूर्ण झालेलं काम, एका दिग्दर्शकाचं, बोर्डाने एक चित्रपट म्हणून तपासून प्रमाणपत्र दिलेलं. दूरदर्शनने ते तुकड्यांत दाखवलं एवढंच. दोन न्यायमूर्तींना ते अथपासून इतिपर्यंत पाहून निवाडा देता आला, कारण त्याला इति होती. शेवटचा भाग अजून लिहिलाच गेला नसता, तर त्यांनी कशाचा निवाडा केला असता?

राष्ट्रीय पुरस्कारांचा आजचा नियमही मुळात तेवढाच आहे. ठरलेल्या वर्षात, १ जानेवारी ते ३१ डिसेंबर या काळात, सेन्सॉर बोर्डाचं प्रमाणपत्र मिळालेला चित्रपट विचारात घेतला जातो. वाहिनीवरच्या मालिकेला किंवा ओटीटीवरच्या वेब सिरीजला ते प्रमाणपत्र लागतच नाही. सिनेमॅटोग्राफ कायदा १९५२ चा, तो जाहीर प्रदर्शनासाठीचा. मालिका पुरस्काराबाहेर राहते ती अशा कागदी कारणाने. पूर्वी मला हा कारकुनी अडथळा वाटायचा. आता वाटतं, त्या कागदाच्या मागे एक अर्थ उभा आहे. हे काम संपलं आहे, यात आता एक फ्रेमही बदलणार नाही, याची जबाबदारी आम्ही घेतो, असं करणाऱ्यांनी लिहून दिल्यासारखं आहे ते.

माझा एक मामेभाऊ मालिकांच्या संकलनात आहे. त्याला विचारलं, “अरे, तुमच्या मालिकेला उत्कृष्ट दिग्दर्शनाचं पारितोषिक द्यायचं झालं, तर कोणाला द्यायचं?” तो म्हणाला, “ताई, कुठल्या महिन्यातला दिग्दर्शक विचारतेस?” त्यात थट्टा नव्हती. रोजच्या मालिकेत चार-सहा भागांची बँक हाताशी असली तर नशीब. एपिसोड दिग्दर्शक बदलतो, संवाद सकाळी सेटवर येतात, गुरुवारचे टीआरपीचे आकडे पाहून कथेचा ट्रॅक वळवला जातो, एखादं पात्र परगावी धाडलं जातं. ही माणसं फार कष्ट करतात, त्यांच्या कसबाबद्दल माझ्या मनात आदर आहे, तेरा-तेरा तास उभं राहून ती दर्जा टिकवतात. पण त्यांचं काम वेगळं आहे. ते प्रेक्षकांशी रोज बोलत बोलत आकार घेतं. त्याला चित्रपटाची फूटपट्टी लावली, तर त्याच्यातलं जे खरं अवघड आहे, म्हणजे दोन-दोन वर्षं एक पात्र जिवंत ठेवणं, तेच मोजलं जाणार नाही.

ऑस्करवाल्यांनीही हे अनुभवातूनच ठरवलं. एझ्रा एडेलमनचा ‘ओ. जे.: मेड इन अमेरिका’ हा ४६७ मिनिटांचा माहितीपट २०१६ साली न्यूयॉर्क आणि लॉस एंजेलिसच्या थिएटरांत थोडे दिवस दाखवला गेला आणि मग टीव्हीवर पाच भागांत आला. फेब्रुवारी २०१७ मध्ये त्याने ऑस्कर जिंकलं, त्याच वर्षी एमीही जिंकली. काम थोर आहे, शंकाच नाही. पण लगोलग अकादमीने नियम केला, की अनेक भागांची किंवा मर्यादित भागांची मालिका माहितीपटाच्या ऑस्करला चालणार नाही. तेव्हा मी फार चिडले होते. इतक्या मोठ्या कामाकडे पाहून कोणी दार कसं लावून घेतं? आज मला त्या वर्षी त्याच्यासमोर स्पर्धेत असलेल्या दीड-दोन तासांच्या माहितीपटांची आठवण येते. जवळपास आठ तास एखाद्या माणसाच्या आयुष्यात राहिल्यावर मनावर जो ठसा उमटतो, त्याच्याशी नव्वद मिनिटांनी कसं झुंजायचं? अभिनयाचंही तेच. एका नटाला आठ भागांत हळूहळू उलगडायला मिळतं, दुसऱ्याला दोन प्रसंगांत सगळं करावं लागतं. कोण सरस, हे ठरवताना ज्यूरी कलेची तुलना करणार की मिळालेल्या वेळेची?

तरीही या सगळ्याने मी बदलले नसते. बदलले ती छोट्या चित्रपटामुळे.

१९५४ साली राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक आचार्य अत्र्यांच्या ‘श्यामची आई’ला मिळालं. त्यानंतर मराठी चित्रपटाला तो मान पुन्हा मिळायला पन्नास वर्षं जावी लागली. २००४ मध्ये संदीप सावंतांच्या ‘श्वास’ला सुवर्णकमळ जाहीर झालं. डोळ्यांच्या कर्करोगाने दृष्टी जाणार असलेला कोकणातला मुलगा आणि त्याचे आजोबा, एवढीच गोष्ट. पण त्या एका कमळाने काय झालं ते आपण पाहिलं आहे. ऑस्करला चित्रपट पाठवायचा तर पैसा हवा, म्हणून सर्वसामान्य माणसांनी वर्गणी काढली. ‘मराठीत आता काय राहिलंय’ म्हणणारे गप्प झाले, नवी मुलं कथा घेऊन निर्मात्यांच्या दारात उभी राहू लागली. पुढे ‘देऊळ’, ‘कोर्ट’, ‘कासव’ यांनी तोच सर्वोच्च पुरस्कार मिळवला. ‘कासव’सारखा नैराश्यावरचा संथ चित्रपट किती थिएटरांनी आपणहून लावला असता? पुरस्काराची मोहोर उमटते, तेव्हा कुठे अशा चित्रपटाचं नाव माणसांच्या तोंडी येतं.

वेब सिरीजचं तसं नसतं. ती बनते तेव्हाच कोणीतरी तिचे पैसे मोजलेले असतात, तिची जाहिरात ठरलेली असते, ती कोट्यवधी घरांत एकाच रात्री पोचायची असते. नाशिक, सातारा, परभणीतला एखादा मुलगा कर्ज काढून चित्रपट करतो तेव्हा त्याच्या हातात प्रमाणपत्र आणि राष्ट्रीय पुरस्काराचा अर्ज, एवढंच असतं. मराठीसाठीचं रजतकमळ एकच आहे. तिथे मी मोठ्या भांडवलाच्या मालिकेला आणून बसवलं, तर उठावं लागणार ते त्या मुलाला. मालिकांची बाजू घेताना मी त्याच्याकडे कधी पाहिलंच नव्हतं.

एक गोष्ट मात्र अजूनही मला टोचते, आणि ती लपवून हे मनोगत पुरं होणार नाही. निपुण धर्माधिकारींची ‘लंपन’ मी पाहिली. प्रकाश नारायण संतांचा लंपन, आजी-आजोबांच्या घरी राहणारा, मनात कायम काहीतरी चाललेला पोर. बेळगावकडची ती कानडी वळणाची मराठी. गीतांजली कुलकर्णींची आजी. एक दिग्दर्शक, एक सूर, ठरलेली लांबी. हिच्यात ‘तमस’सारखंच सगळं आहे, फक्त सेन्सॉरचा कागद नाही. २०२४ मध्ये गोव्यातल्या पंचावन्नाव्या इफ्फीत, म्हणजे भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात, तिला सर्वोत्कृष्ट वेब सिरीजचा पुरस्कार मिळाला, तेव्हा मला अतिशय आनंद झाला. त्याच्या आदल्याच वर्षी, २०२३ मध्ये, हा पुरस्कार सुरू झाला होता आणि पहिला मान ‘पंचायत’च्या दुसऱ्या सीझनला गेला होता. या दोन निवडींकडे पाहताना मला वाट दिसली. एक पूर्ण झालेली गोष्ट, दुसरी चालू असलेल्या गोष्टीचा मधला टप्पा. दोन्हींचा न्याय मालिकेच्याच मापाने झाला. सीझन हे त्या कलेचं स्वतःचं एकक आहे, आणि तिथे ते मान्य झालं.

पण पुरस्कार एकच. ‘लंपन’च्या पटकथेला वेगळा मान नाही, छायालेखनाला नाही, ध्वनीला नाही, त्या पोराच्या अभिनयाला नाही. आजोबांच्या घरातला दुपारचा उजेड ज्याने टिपला, त्याचं नाव कोणी पुकारलं नाही. हा अन्याय आहे, आणि चित्रपटांच्या रांगेत मालिकांना घुसवून तो दूर होणार नाही.

म्हणून माझी मागणी आता बदलली आहे. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत आज कथाचित्रपटांचा विभाग आहे, कथाबाह्य चित्रपटांचा आहे, आणि सिनेमाविषयीच्या लेखनाचाही आहे. पुस्तकाला तिथे जागा आहे, समीक्षकाला आहे. मग मालिकेसाठी चौथा विभाग उघडायला काय हरकत आहे? त्यात दिग्दर्शन, पटकथा, संकलन, छायालेखन, ध्वनी, बालकलाकार अशी सगळी पारितोषिकं असावीत. प्रत्येक भाषेतल्या मालिकेला स्वतंत्र पारितोषिक असावं, म्हणजे मराठीला हिंदीच्या सावलीत उभं राहावं लागणार नाही. रोजच्या मालिका आणि मर्यादित भागांच्या मालिका वेगळ्या धराव्यात. ज्यूरी वेगळी असावी आणि तिने न्यायमूर्ती लेंटिन आणि मनोहर यांच्यासारखं काम सबंध पाहावं. सीझन संपेपर्यंत अर्जच घेऊ नये. आमच्या फिल्म सोसायटीतल्या मंडळींपुढे मी हे मांडलं आहे. तसं निवेदन माहिती आणि प्रसारण मंत्रालयाला पाठवायचं आमच्या मनात आहे, आणि त्याचा मसुदा मीच लिहिते आहे.